वस्ती किती?

बडोद्याजवळच्या वढवाणा तळावाच्या पाळीवरून एक पायवाट खाली उतरते आणि वेड्या बाभळींमधून वळत वळत जाते. ती डांबरी रस्त्याला मिळेल अशा समजुतीनं मी चालत राहिले आणि एका अंगणात येऊन पोचले. जानेवारीतली सकाळ, नऊ वाजले असतील. अंगण नुकतं सारवलेलं, कडेला तुराट्यांचा भारा, खुंट्याला एक म्हैस, आणि खाटल्यावर ऊन खात बसलेल्या एक वृद्ध बाई. आमच्याकडे अशा बाईंना सगळेच 'बा' म्हणतात. मी विचारलं, "बा, वस्ती कई बाजु?" गाव कुठल्या अंगाला आहे, एवढंच मला हवं होतं. बांनी कपाळावर हात आडवा धरून मला निरखलं आणि म्हणाल्या, "वस्ती तो हमणां ओछी छे, बेन. बधां बहार गयां छे. होळीए आवशे."

माणसं सध्या कमी आहेत, सगळी बाहेर गेलीत, होळीला येतील. मी जागा विचारली होती, त्यांनी माणसं सांगितली.

मराठीत वस्ती म्हणजे घरांचा लहानसा पुंजका, गावापासून जरा सुटा पडलेला. रात्रीच्या मुक्कामाला जायचं तरी आपण 'वस्तीला' जातो. गुजरातीत वस्ती म्हणजे लोकसंख्या, आणि जनगणना म्हणजे वस्ती गणतरी. बडोद्यात जन्मलेल्या मराठी माणसाच्या जिभेवर हे दोन्ही अर्थ शेजारी शेजारी राहतात. आम्ही तलावाला तळाव म्हणतो, पुण्याचे पाहुणे आले की तलाव म्हणतो, आणि ते गेले की पुन्हा सूरसागर तळावावर फिरायला जातो. पण वस्ती या शब्दाचे दोन अर्थ असे समोरासमोर येऊन उभे राहिलेले मी त्या दिवशी पहिल्यांदा पाहिले. त्यानंतर सहा-सात वर्षं मी त्या फळियात जाते आहे. फळिया म्हणजे वाडी. त्याला नाव आहे, पण ते इथे लिहीत नाही. तिथल्या माणसांनी मला अंगणात बसू दिलं, ते लिहिण्यासाठी नव्हे.

मी एका शाळेत तीस वर्षं भूगोल शिकवला. 'आपल्या परिसरातील एका गावाची माहिती लिहा' हा प्रश्न मी किती वेळा फळ्यावर लिहिला असेल. स्थान, क्षेत्रफळ, हवामान, मृदा, पिके, लोकसंख्या. मुलं पुस्तकात बघून लिहायची आणि मी गुण द्यायची. या फळियाची माहिती त्या चौकटीत भरायला बसले, तेव्हा दुसऱ्याच ओळीला थांबले. क्षेत्रफळ कुठून आणायचं? सरकारी दप्तरात गाव म्हणजे महसुली गाव. त्याला हद्द असते, क्रमांक असतो. फळिया त्या गावाच्या पोटात असतो. जनगणनेच्या छापील तक्त्यात त्याची स्वतंत्र ओळ नसते. तिथली माणसं मोजली जातात, पण बेरजेत ती मोठ्या गावाच्या आकड्यात विरघळतात.

वहीत लिहिलेलं हे वर्णन म्हणून माझं स्वतःचं आहे.

बडोद्याहून डभोईकडे निघालं की काळी जमीन सुरू होते. हा सगळा कानम प्रदेश, ढाढर आणि नर्मदेच्या मधला, कापसासाठी जुना प्रसिद्ध. पावसात ही माती पाय धरून ठेवते आणि वैशाखात तिला हात जाईल एवढ्या भेगा पडतात. मराठी माणसाला डभोई म्हटलं की 1731 ची लढाई आठवते, त्रिंबकराव दाभाडे पडले ती. मला डभोई आठवते ती आजोबांबरोबरच्या चांदोदच्या प्रवासातली. चांदोदला ओरसंग नर्मदेला मिळते, तिथे आमच्या घरचे श्राद्धविधी व्हायचे, आणि वाटेत डभोईला छोटी गाडी बदलायची. 1862 साली याच डभोईहून मियागामपर्यंत बैलांनी ओढलेली रेल्वे धावली होती, हे आजोबा प्रत्येक वेळी नव्यानं सांगायचे.

तीच ओरसंग या तळावाची आई. वढवाणा तळाव निसर्गानं केलेला नाही. ओरसंगवर जोजवा इथे बंधारा बांधून तिचं पावसाळी पाणी कालव्यानं इकडे आणलं आणि मातीची लांब पाळ घालून अडवलं. 1910 सालचं हे काम, सयाजीराव महाराजांच्या कारकिर्दीतलं, पंचवीस गावांच्या शेतीला पाणी देण्यासाठी. तेव्हा छप्पनियाला पुरती दहाच वर्षं झाली होती. संवत 1956 चा, म्हणजे 1899-1900 चा तो दुष्काळ गुजरातच्या म्हाताऱ्या माणसांच्या बोलण्यात अजून आहे. बडोदे संस्थानची लोकसंख्या 1891 साली 24 लाख 15 हजार होती, 1901 साली ती 19 लाख 52 हजारांवर आली. जन्मांची भर धरूनही साडेचार लाखांहून जास्त माणसं कमी. दुष्काळ, आणि त्याच्या मागोमाग आलेल्या साथी. 1931 च्या मोजणीत आकडा 24 लाख 43 हजार झाला, म्हणजे दुष्काळाच्या आधी होता तिथे परत यायला संस्थानला चाळीस वर्षं लागली. शाळेत हा तक्ता शिकवताना मी मुलांना आलेख काढायला लावायची. रेघ खाली जाते त्या ठिकाणी मी एकदाही थांबले नाही, याचं आता फार वाईट वाटतं.

फळिया पाळीच्या खालच्या अंगाला आहे. लांबून येणाऱ्याला वाटतं, तळावकाठची घरं म्हणजे दारातून पाणी दिसत असेल. एकाही घरातून पाणी दिसत नाही. मध्ये पाळीची मातीची भिंत आहे आणि पावसाळा संपताना पलीकडचं पाणी घरांच्या जोत्यापेक्षा उंच असतं. इथली माणसं पाण्याशेजारी राहत नाहीत, ती पाण्याच्या खाली राहतात. पाळीतून झिरपणारं पाणी विहिरीला भेटतं. घरं जराशा उंचवट्यावर, ज्याला ते टेकरो म्हणतात, एकमेकांना खेटून आहेत, कारण काळ्या मातीत पावसाळ्याचे चार महिने कोरडी राहणारी जागा तेवढीच. तळाव दिसत नसला तरी ऐकू येतो. थंडीत रात्री हंसांचा कलकलाट पाळीवरून खाली येतो. बा म्हणतात, तो आवाज आला की गोधड्या बाहेर काढायच्या.

घरं सत्तावीस. बहुतेक तडवी, काही वसावा, दोन्ही आदिवासी. भात, तूर, कापूस होतो तो बहुतेक दुसऱ्याच्या शेतात. स्वतःची जमीन असलेली घरं थोडी, म्हशी मात्र पुष्कळ घरी. एक निंब, दोन चिंचा, आणि विहिरीपाशी एक जुना महुडा. त्या महुड्याखालच्या दगडावर बसून मी पहिल्या वर्षी घरं मोजली. सत्तावीसपैकी अकरा दारांना कुलूप होतं. घरी असलेली माणसं अठ्ठावन्न, त्यातली निम्म्याहून अधिक म्हातारी किंवा पोरं.

मी तिथे माणसं मोजायला गेले नव्हते. मी पक्षी मोजायला गेले होते. दर जानेवारीत आशियाभर पाणपक्ष्यांची गणना होते, 1987 पासून. आमचा बडोद्याचा चार-पाच जणांचा गट पहाटे पाळीवर जाऊन उभा राहतो. हजारांच्या थव्यातलं एकेक पाखरू मोजता येत नाही. आधी दहा मोजायचे, दहांचा पुंजका डोळ्यात बसवायचा, मग तशा दहांचा शंभर, आणि मग शंभराचा घास धरून दुर्बीण थव्यावरून सरकवत न्यायची. प्रत्येक जातीची वेगळी रेघ. मंगोलिया-तिबेटकडून हिमालय ओलांडून येणारे पट्टकादंब, करड्या रंगाचे कलहंस, मोठ्या लालसरी, थापट्या, तलवार बदकं. चोचीच्या टोकाला पिवळं आणि कपाळाशी लाल, असं हळदीकुंकू बदक. हे नाव ज्या बाईनं ठेवलं असेल, ती मला कधीतरी भेटायला हवी होती. ते नाव बाईनंच ठेवलं असणार याची मला खात्री आहे.

आणि वारकरी. काळा कुळकुळीत देह, कपाळावर पांढरा टिळा, घोळक्यानं पाण्यातून जाणारा हा पक्षी मराठीत वारकरी. आमच्याबरोबर एकदा एक गुजराती मुलगी होती, तिनं सांगितलं, आमच्यात याला भगतडुं म्हणतात. दोन भाषांनी एकमेकींना न विचारता त्याच पाखराच्या कपाळी तोच भक्तिभाव लावला. त्या दिवशी मी वारकऱ्यांची मोजणी जरा सावकाशच केली.

2021 साली वढवाण्याला रामसर पाणथळ, म्हणजे आंतरराष्ट्रीय महत्त्वाची पाणथळ जागा, म्हणून मान्यता मिळाली. 630 हेक्टरचं हे पाणी जगाच्या यादीत गेलं. मला त्याचा खरा आनंद आहे. या यादीत जाणं म्हणजे पाण्याला कुणीतरी राखण असणं. पण त्याच वर्षी व्हायची ती माणसांची गणना साथीमुळे होऊ शकली नाही. आणि हळूहळू माझ्या लक्षात येत गेलं की या जागेच्या दोन वस्त्या आहेत, त्या एकमेकींना भेटतच नाहीत. दिवाळी झाली की पाळीच्या आतल्या अंगाला पाहुणे उतरायला लागतात आणि पाळीच्या बाहेरच्या अंगाला माणसं गाठोडी बांधायला लागतात. भात निघालेलं असतं, शेतातलं काम सरतं. मग सुरत, भरूच, बडोदं. बांधकामावर, ज्याला ते कडियाकाम म्हणतात. बडोद्यात सकाळी सात वाजता कुठल्याही कडिया नाक्यावर बघा, डबा हातात घेऊन उभी असलेली माणसं. माघाच्या अखेरीस पाणी आटायला लागतं, हंस उठतात. आणि होळीला माणसं परत येतात. एक वस्ती येते तेव्हा दुसरी निघते. आम्ही जानेवारीत जातो, म्हणून आम्हाला पाणी भरलेलं दिसतं आणि घरं रिकामी.

जनगणनाही त्याच दिवसांत येते.

2011 साली मी स्वतः प्रगणक होते. शाळांच्या शिक्षकांना ती कामगिरी मिळते. 9 ते 28 फेब्रुवारी घरोघर जायचं. दांडिया बाजारातला एक भाग माझ्याकडे होता, जुन्या वाड्यांचा. लाकडी जिने, अंधारे माजघर, वरच्या मजल्यावर एकट्या राहणाऱ्या मावश्या. मातृभाषेच्या रकान्यात 'मराठी' लिहिताना त्यांच्यातल्या एकीनं माझा हात धरला होता, "नीट लिही हो, आता आम्ही थोडेच उरलो." मी ठळक लिहिलं.

आणि 28 तारखेची रात्र बेघरांच्या मोजणीची. आम्ही तिघं-चौघं रात्री साडेदहा-अकराला निघालो. उड्डाणपुलाखाली, बंद दुकानांच्या ओट्यांवर, एका अर्धवट बांधलेल्या इमारतीच्या तळमजल्यावर. तिथे रेतीच्या ढिगाच्या आडोशाला दोन कुटुंबं झोपली होती. पुरुष उठून बसला. मी नाव विचारलं, वय विचारलं, जन्माचं ठिकाण विचारलं. "डभोई बाजु," तो म्हणाला. घर आहे का तिथे? आहे ना, पक्कं आहे. मग इथे असे? त्यानं माझ्याकडे पाहिलं आणि लहान मुलाला समजावावं तसं म्हणाला, "होळीए घेर जईशुं, बेन." त्या वर्षी होळी 19 मार्चला होती. मी त्याला बडोदे शहरात मोजलं. नियमानं ते बरोबर होतं. जो माणूस त्या वीस दिवसांत आपल्या घरी एकदाही नसतो, त्याला घरच्या गावात धरायचं नाही, तो असेल तिथे धरायचं. नियमाशिवाय एवढ्या मोठ्या देशाची मोजणी व्हायची नाही हेही मला कळतं. पण पुढे पहिल्यांदा बांच्या तोंडून "होळीए आवशे" ऐकलं, तेव्हा मला तो रेतीच्या ढिगाशेजारी उठून बसलेला माणूस दिसला. तो याच फळियातला नव्हता, असेलही कुठल्या दुसऱ्या. त्याच्या घराला त्या रात्री कुलूप होतं, आणि कुणीतरी माझ्यासारखीच शिक्षिका त्या दारापुढून 'बंद' असं लिहून गेली असेल.

आकड्यानं काय होतं, असं लोक म्हणतात. आकड्यानं रस्ता होतो. पंतप्रधान ग्रामसडक योजना 2000 साली आली, तिच्यात सपाटीवरच्या वस्तीची लोकसंख्या 500 हवी, डोंगरी आणि अनुसूचित आदिवासी भागात 250. हा हिशेब जनगणनेच्या आकड्यांवर. कानमची जमीन सपाट. त्यामुळे पायवाटेचा हा टप्पा पायवाटच राहिला आहे, आणि पावसाळ्यात बाळंतीण न्यायची तर खाटल्यावर घालून मुख्य रस्त्यापर्यंत आणावी लागते. बांच्या धाकट्या सुनेला तशीच नेली होती. शाळा एक किलोमीटरच्या आत असावी, असा कायदा आहे, आणि ती तशी आहे, मोठ्या गावात. पण दिवाळीनंतर आईबापांबरोबर गेलेली पोरं फाल्गुनापर्यंत त्या शाळेच्या हजेरीपटावर गैरहजर असतात. त्यांच्या नावापुढच्या रेघा मी माझ्याही शाळेत पाहिल्या आहेत, उलट बाजूनं. नोव्हेंबरात एखादं मूल दाखल व्हायचं, मार्चमध्ये न सांगता नाहीसं व्हायचं. तेव्हा मी त्याला अनियमित म्हणायची. ते मूल इतकं नियमित होतं की त्याच्यावरून पंचांग लावता आलं असतं.

माझे आजोबाही प्रगणक होते. बडोदे राज्याच्या शाळेत मास्तर, वय तेवीस. 26 फेब्रुवारी 1931 ची शिरगणती त्यांनी डभोई महालातल्या कुठल्याशा गावांत केली होती. ते मात्र शिरगणती म्हणत नसत, 'खानेसुमारी' म्हणत. घरांची मोजणी, हा त्या शब्दाचा मूळ अर्थ. तेव्हा सगळी मोजणी एका रात्रीत व्हायची. आधी काही आठवडे याद्या करून ठेवायच्या आणि ठरलेल्या रात्री दारोदार जाऊन पडताळायच्या. मेलेला खोडायचा, जन्मलेला लिहायचा. म्हणून रात्र निवडताना चांदणं असेल अशी निवडत. आजोबांच्या रात्री शुक्ल पक्ष होता आणि होळी आठवड्यावर आली होती. ते सांगायचे, कंदील होता पण लागला नाही, चांदण्यात कागद दिसत होता. घोंगडी पांघरून माणसं ओट्यावर बसून होती, मास्तर येणार म्हणून. पाहुणा ज्या घरी झोपला असेल त्या घरी तो मोजायचा, मग तो कुठलाही असो. एका घरी चांदोदला निघालेला कुणी गोसावी उतरला होता, तो त्या घरात मोजला गेला. आजोबांना ही गोष्ट फार आवडायची. म्हणायचे, त्या रात्री त्या गोसाव्याला घर होतं, सरकारी दप्तरात.

त्या गावांत एखादं गाव नुसतं नावाला उरलेलं असायचं. हद्द आहे, शेतं आहेत, माणूस नाही. दप्तरात अशा गावापुढे 'बेचिराग' लिहीत. जिथे दिवा नाही ते. आपण मराठीत बेचिराख म्हणतो आणि आपल्याला राख दिसते. मूळ शब्दात राख नाही, चिराग आहे. आजोबांनी हे सांगितलं तेव्हा मी दहा वर्षांची असेन. दिवा नसलेलं गाव, एवढ्या दोन-तीन शब्दांची मला तेव्हा भीती वाटली होती, ती अजून पूर्ण गेलेली नाही. जानेवारीतल्या संध्याकाळी पाळीवर उभी राहून मी फळियाकडे पाहते तेव्हा नकळत दिवे मोजते. सोळा घरांत उजेड, अकरा घरं काळी. मागे पाण्यावर हजारो पाखरं.

आमचा दांडिया बाजारातला वाडाही मी असाच मोजते. माझ्या लहानपणी चार बिऱ्हाडं, तेवीस माणसं. मग कुणी पुण्याला गेलं, कुणी अमेरिकेत, कुणी गावाबाहेरच्या नव्या सोसायटीत. आता खालच्या मजल्यावर एक दुकानाचं गोदाम आणि वर मी. गणपतीत सगळे येतात तेव्हा जिन्यावर पाय ठेवायला जागा नसते. फळियातल्या घरांचं दुःख आणि आमचं एक नाही, पोट भरायला रेतीत झोपणं आणि शिकून परदेशी जाणं यांत मी गल्लत करणार नाही. पण कुलूप लावलेल्या दारासमोरून जाताना आवाज लहान होतो, तो दोन्हीकडे सारखाच होतो.

आता पुढची गणना ठरली आहे. 1 मार्च 2027 च्या मध्यरात्रीचा देश मोजायचा. त्या वर्षी होळी त्यानंतर तीन आठवड्यांनी. म्हणजे पुन्हा अकरा कुलपं. मला वाटतं, निदान फळियाला त्याची स्वतःची ओळ मिळावी; आणि जिथे सगळ्यांनाच ठाऊक आहे की माणसं होळीला घरी येतात, तिथे होळीनंतरच्या दोन दिवसांत कुणीतरी पुन्हा एकदा जाऊन यावं. प्रगणक तोच, शाळा तीच, अंतर एक किलोमीटर. हे अशक्य आहे असं मला कुणीही पटवून देऊ शकलेलं नाही.

गेल्या होळीला मी स्वतः गेले. दुपारी पोचले तेव्हा पाणी ओसरून तळावाच्या कडेचा चिखल वाळला होता, हंस नव्हते, थोडे वारकरी तेवढे रेंगाळत होते. आणि पाळीच्या खाली ढोल वाजत होता. सत्तावीसच्या सत्तावीस दारं उघडी. अंगणांत मोटरसायकली, दोरीवर नवे शर्ट, एका ओट्यावर मोबाइलवर गाणं आणि भोवती पोरांचं कडं. बांच्या घरात चौदा माणसं होती. मला धाणी, चणे आणि खजूर मिळाला. पोरांच्या गळ्यात साखरेचे हारडे होते. पंधरा दिवसांनी हेच हारडे आम्ही गुढीला गाठी म्हणून बांधतो, हे मी सांगितलं तर बांच्या नातवानं लगेच आपल्या गळ्यातला अर्धा तोडून माझ्या हातात ठेवला. "लई जाव, तमारी गुढी माटे." तो ऑक्टोबरात सुरतेला गेला होता, तेव्हा माझ्या खांद्याएवढा होता. आता मला मान वर करावी लागली.

होळी पेटल्यावर, सगळे भोवती असताना, मी वही काढून घरोघरची माणसं लिहिली. कुणाला नवल वाटलं नाही. उलट एकेक जण आपल्या घराचा आकडा ओरडून सांगत होता, आणि शेजारचा तो दुरुस्त करत होता. एकशे चौतीस. मी बांना सांगितलं.

"ओगणचाळीस," बा म्हणाल्या. एकशे एकोणचाळीस.

मी पुन्हा बेरीज केली. चौतीसच. मग त्यांनी बोटं मुडपली. वरच्या घरचा थोरला, त्याला कंत्राटदारानं सोडलं नाही. खालच्या घरची दोघं, त्यांचं पोर दवाखान्यात आहे. विहिरीकडच्या घरातली मुलगी, पहिल्या बाळंतपणाला आली होती, सासरचे घेऊन गेले, पण खाटलं अजून तिचंच आहे. आणि त्यांचा स्वतःचा मधला मुलगा. तो दोन वर्षं आलेला नाही. "पण ते इथलेच," त्या म्हणाल्या. मी म्हटलं, बा, आज रात्री जे इथे नाहीत त्यांना इथे धरायचं नाही, असा जुना नियम आहे. माझे आजोबा मोजायचे तेव्हाही असाच होता. जो जिथे झोपेल तिथला.

बा थोडा वेळ होळीकडे बघत राहिल्या. ढोल थांबला होता, आता लाकडं फुटण्याचाच आवाज होता. शेवटची बस केव्हाच गेली होती आणि मी रात्री तिथेच राहणार होते. बांच्या सुनेनं ओसरीवर माझं अंथरूण घालूनही ठेवलं होतं.

"अने तमने गण्यां, बेन?" त्यांनी विचारलं.

मी स्वतःला मोजलं नव्हतं. वही मिटून पिशवीत ठेवली होती, ती परत काढली. ज्वाळेच्या उजेडात अक्षर दिसत होतं. आधी बांचे पाच जण लिहिले, एकाखाली एक, त्या सांगतील त्या नावांनी. मग बांच्या घरापुढे चौदा होते तिथे पंधरा केले.